हयातीचा दाखला

वाचकहो, "तू कोण?" हा प्रश्न माणसाला या जन्मात दोन ठिकाणी विचारला जातो. एक सद्गुरूच्या पायापाशी आणि दुसरा कचेरीच्या खिडकीपाशी. सद्गुरू विचारतात तेव्हा माणूस आपले नाव सांगतो. ते म्हणतात, हे देहाला ठेवलेले नाव, तू कोण? मग तो गाव सांगतो, कूळ सांगतो, धंदा सांगतो. ते म्हणतात, ही सगळी उपाधी, तू कोण? अशी एकेक उपाधी गळून पडते आणि शेवटी जे उरते त्याला नाव नसते, पण ते खरे असते. कचेरीत याच्या नेमके उलट. तेथे माणूस म्हणतो, "हा मी तुमच्यासमोर उभा आहे." कारकून म्हणतो, "ते दिसते आहे हो, पण कागद कुठे आहे?" मग एक कागद आणला की दुसरा मागतात, दुसरा आणला की पहिल्याशी जुळत नाही म्हणतात. सद्गुरूपाशी सगळे काढून टाकल्यावर 'मी' सापडतो. कचेरीत सगळे जोडल्यावरही सापडेलच अशी खात्री नाही.

कोणी म्हणेल, पारमार्थिक मासिकात हा कचेरीचा विषय कशाला? त्याचे उत्तर असे की आमचा वारकरी काही हवेत राहत नाही. कार्तिक महिना बहुधा नोव्हेंबरातच येतो. एकीकडे कार्तिकी एकादशीची ओढ लागलेली असते, आणि त्याच दिवसांत पेन्शनवाल्या वारकऱ्याला आपण जिवंत असल्याचा दाखला द्यावा लागतो. हयातीचा दाखला म्हणतात तो हाच. पूर्वी बँकेत जाऊन साहेबापुढे उभे राहावे लागे; १० नोव्हेंबर २०१४ पासून हा दाखला यंत्रावरून देण्याचीही सोय झाली. सोय चांगली आहे, नियमही अडाणीपणाचा नाही. मेलेल्या माणसाच्या नावाने दुसऱ्याने पैसे उचलू नयेत हा त्यातला हेतू. पण लोक त्यावर एक हसण्याची गोष्ट सांगतात. एका म्हाताऱ्याने या वर्षीचा दाखला आणला. कारकून म्हणाला, "हा ठीक आहे. पण गेल्या वर्षीचा कुठे आहे? गेल्या वर्षी तुम्ही जिवंत होतात कशावरून?" आम्ही ही गोष्ट पुष्कळदा ऐकली आणि दर वेळी हसलो. परंतु हसू ओसरल्यावर मनात काहीतरी टोचत राहते. ते काय टोचते, याचाच आज विचार करू.

आमच्या पनवेलचेच उदाहरण घ्या. पनवेल, खारघर, कामोठे, कळंबोली, तळोजे या बाजूचा एखादा सत्तर वर्षांचा माणूस डोळ्यांसमोर आणा. तो ज्या घरात जन्मला त्याच घरात आज राहतो आहे. त्याच्या जुन्या कागदावर लिहिलेले आहे, तालुका पनवेल, जिल्हा कुलाबा. १९८१ साली कुलाबा जिल्ह्याचे नाव रायगड झाले. पुढे १ ऑक्टोबर २०१६ रोजी पनवेल महानगरपालिका झाली, आसपासच्या ग्रामपंचायती तीत विलीन झाल्या आणि त्यांची दप्तरे तिकडे गेली. मधल्या काळात भोवती नवी मुंबई वसली, तेव्हा टपालाच्या पाकिटावर तेही नाव चढले. आता पाहा, माणूस जागचा हलला नाही. पत्ता मात्र तीनदा हलला. आणि खिडकीपाशी प्रश्न कोणाला विचारतात? हलणाऱ्या पत्त्याला नव्हे. न हललेल्या माणसाला विचारतात की कुलाब्याचा तो तू आणि रायगडचा हा तू एकच कशावरून?

जमिनीची गोष्ट तर याहून खोल आहे. १९७० साली सिडकोची स्थापना झाली आणि नव्या शहरासाठी ठाणे, पनवेल व उरण या तालुक्यांतील ९५ गावांच्या जमिनी संपादनात आल्या. भातखाचरे गेली, मिठागरे गेली. जानेवारी १९८४ मध्ये जासई परिसरात शेतकऱ्यांवर गोळीबार झाला, पाच जणांचे प्राण गेले, दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालच्या त्या लढ्यातून साडेबारा टक्के विकसित भूखंडाचे तत्त्व पुढे मान्य झाले. अलीकडे विमानतळासाठी दहा गावे उठली, उलव्याची टेकडी कापली गेली, नदीचा प्रवाहसुद्धा वळविला गेला. ८ ऑक्टोबर २०२५ ला त्या विमानतळाचे उद्घाटन झाले. या सगळ्याचे बरे-वाईट जाणते लोक सांगतील. आम्हांला दाखवायचे आहे ते एवढेच की या पन्नास-पंचावन्न वर्षांत येथल्या माणसाची नावे किती बदलली! आधी तो शेतकरी होता. मग कागदावर 'खातेदार' झाला. मग 'प्रकल्पग्रस्त' झाला, आणि त्याचाही दाखला काढावा लागला. वाढत्या कुटुंबासाठी त्याने गावठाणाला लागून दोन खोल्या बांधल्या, तर घराला नाव पडले 'गरजेपोटी बांधलेले घर'. अहो, जगात गरजेवाचून घर कोण बांधतो? आणि उरल्या पैशातून कुठे तरी तुकडाभर शेत घ्यावे म्हणून तो गेला, तर १९४८ च्या कूळकायद्याचा दंडक आडवा आला की शेतजमीन घेणारा शेतकरी असला पाहिजे. "शेतकरी असल्याचा सातबारा आणा." सातबारा तर सरकारनेच नावावरून उतरवलेला! मग तो जुन्या उताऱ्यांची, संपादनाच्या कागदांची भेंडोळी काखेत मारून, ज्या मातीत त्याची तीन पिढ्यांची हाडे झिजली त्या मातीचा आपण माणूस होतो, हे शाबीत करायला निघतो.

मिठागरावर जन्म घालवलेल्या आगरी बांधवांचे पाहा. खारे पाणी आणि खरखरीत मीठ यांनी बोटांवरच्या रेषा झिजून जातात. २९ सप्टेंबर २०१० रोजी आपल्याच महाराष्ट्रात, नंदुरबार जिल्ह्यातील टेंभली गावी, देशातले पहिले आधार क्रमांक दिले गेले. त्यात बोटांचे ठसे आहेत, तसे डोळ्यांतल्या बुबुळांचेही आहेत. कल्पना अशी की आता गरिबाला ओळख मागत दारोदार फिरावे लागू नये. हेतूबद्दल आम्ही काही म्हणत नाही. पण रेशनच्या दुकानात अंगठा लावायचे यंत्र आले आणि झिजलेला अंगठा त्याला ओळखेना, तेव्हा काय होते? ज्या हातांनी आपल्या पानात मीठ वाढले, ते हात कोणाचे हे यंत्राला कळत नाही, आणि यंत्राला कळत नाही म्हणून दुकानदारालाही कळेनासे होते. दुकानदार तर त्याच गावातला! तो त्या म्हाताऱ्याला काका म्हणत लहानाचा मोठा झाला. यंत्र आंधळे असेल, त्याचा दोष नाही. डोळे असलेल्याने यंत्राकडून पाहायला शिकावे, हा खरा दोष.

आता यातली सर्वांत अवघड गत सांगतो, ती आमच्या मायबहिणींची. आपल्याकडे लग्नात मुलीचे नाव बदलण्याची चाल पुष्कळ घरी होती. तांदळाच्या ताटात अंगठीने नवे नाव लिहायचे, पेढे वाटायचे, की झाली जुनी मुलगी नाहीशी. आमच्या भजनी मंडळात एक वृद्ध माउली आहेत. गाव पनवेलच्या पलीकडचे. शाळा पाहिलेली नाही, त्यामुळे शाळेचा दाखला नाही. बापाच्या कागदावर त्यांचे माहेरचे नाव. मतदारयादीत सासरचे नाव. रेशनकार्डावर सगळे ज्या नावाने हाक मारतात ते नाव. बाप वारल्यावर वारस म्हणून नोंद करायची वेळ आली, तेव्हा एका कचेरीने विचारले की बापाच्या कागदावरची मुलगी ती तुम्हीच कशावरून? दुसऱ्या कचेरीने सांगितले, आधी पहिल्या कचेरीचा कागद आणा. पहिलीने सांगितले, दुसरीच्या कागदाशिवाय आम्हांला देता येत नाही. दोन वर्षे हे चालले. माउलींनी एकही एकादशी चुकवली नाही आणि कचेरीची एकही तारीख चुकवली नाही. पण एके दिवशी भजन संपल्यावर टाळ खाली ठेवत त्या म्हणाल्या, "बुवा, तिघी जणी हायेत म्हंतात कागदावर. मंग मी नक्की कोन?"

आम्ही पुष्कळ प्रवचने ऐकली आहेत, केलीही आहेत, पण "मी कोण" हा प्रश्न इतक्या कळवळ्याने कोणी विचारलेला ऐकला नव्हता. आणि वाईट हे की तो जिज्ञासेतून आलेला नव्हता, थकव्यातून आलेला होता. हाच तो काटा, जो हसण्याच्या गोष्टीनंतर टोचत राहतो. कागद हरवला तर दुसरा मिळेल, काम लांबले तर उद्या होईल. पण दहा वेळा "तुम्ही तुम्ही नाही" असे ऐकून माणसाचा स्वतःवरचाच विश्वास उडाला, तर तो कोणत्या कचेरीत भरून मिळणार? विवेकाने देहबुद्धी सुटणे ही मुक्तीची वाट आहे. अपमानाने स्वतःची ओळख सुटणे ही नुसती हानी आहे. दोन्हींत 'मी' जातो खरा. पण एकात तो भगवंतापाशी जातो आणि दुसऱ्यात फायलीच्या ढिगाऱ्याखाली.

या वेडेपणाची कमाल पाहायची असेल तर उत्तर प्रदेशातील आझमगढ जिल्ह्याकडे पाहा. तेथल्या लाल बिहारी नावाच्या शेतकऱ्याला १९७५ साली सरकारी दप्तरात मृत दाखवले गेले. जमिनीच्या लोभाने नातलगांनीच ते घडवून आणले. कर्ज मागायला गेला तेव्हा त्याला कळले की आपण मेलेलो आहोत. त्याने काय काय केले म्हणता! नावापुढे 'मृतक' अशी पदवीच लावून घेतली. आपल्यासारख्याच कागदोपत्री मेलेल्यांचा 'मृतक संघ' काढला. निवडणुकीस उभा राहिला, का, तर उमेदवार म्हणून तरी सरकारने आपण जिवंत आहोत असे लिहावे. १९९४ साली दप्तरात त्याला पुन्हा जिवंत करण्यात आले. ज्ञानदेवादी भावंडांची आयुष्ये तरी किती होती? त्यांतल्या धाकट्यांच्या आयुष्याएवढा काळ हा माणूस श्वास घेत मेलेला होता.

ज्ञानदेवांचे नाव निघालेच आहे, तर आपल्या संप्रदायाचा आरंभच एका दाखल्याच्या मागणीने झाला, हे आपण विसरतो. विठ्ठलपंत संन्यास घेऊन परत गृहस्थाश्रमात आले म्हणून त्यांच्या चारही मुलांना आळंदीकरांनी 'संन्याशाची पोरे' म्हणून वाळीत टाकले. आईबापांनी देहान्त प्रायश्चित्त घेतले, तरी मुलांना घेतले नाही. सांगितले काय? पैठणच्या धर्मपीठाकडून शुद्धिपत्र आणा! म्हणजे आमची हरकत नाही, पण कागद आणा. सज्जनहो, ही खिडकी तुमच्या ओळखीची वाटते ना? परंपरा सांगते, भावंडांत यावर बोलणे झाले. निवृत्तिनाथांचे म्हणणे, आपल्याला कशाचा आला वर्ण आणि कशाचे आले पत्र! पण ज्ञानदेव म्हणाले, लोकरीत मोडू नये, जाऊ. आणि ती अनाथ पोरे गोदाकाठी चालत गेली. तेथे रेड्यामुखी वेद वदविल्याची कथा आपण सर्व जाणतो. पत्र मिळाले ते शके १२०९ मध्ये, म्हणजे इसवी सन १२८७, असे मानतात.

या कथेतले मर्म नीट पाहा. पैठणच्या पत्राने ज्ञानदेव शुद्ध झाले काय? मुळीच नाही. ते होतेच. मग पत्राने काय झाले? पत्र देणाऱ्यांचे डोळे उघडले. दाखला माणसाला घडवीत नाही. दाखला देणाऱ्याने माणसाला पाहिले, एवढेच तो सांगतो. आणि रेड्याच्या पाठीवर मारलेल्या आसुडाचे वळ ज्ञानदेवांच्या अंगावर उमटले असे जे सांगतात, त्याचा अर्थ तरी काय? खरी ओळख पटवणे म्हणजे दुसऱ्याचे दुःख आपल्या अंगावर उमटणे. ते ज्याच्या अंगावर उमटत नाही, त्याच्यापुढे कागदांचा ढीग घातला तरी त्याला कोणाची ओळख पटणार नाही.

कोणी तापट वाचक म्हणेल, "मग फाडून टाका ना हे सगळे कागद!" नाही हो, तसे नाही. आपल्या संतांची कागदांविषयीची दृष्टी फार बारीक आहे. मंगळवेढ्याच्या दामाजीपंतांनी दुष्काळात बादशहाची कोठारे लोकांसाठी उघडली. पुढे पांडुरंग विठू महार होऊन बेदरच्या दरबारात गेला, धान्याची किंमत मोजली, आणि येताना काय घेऊन आला? पावती! प्रत्यक्ष देवाने रक्कम भरल्याची पावती घेतली, अशी कथा आहे. भक्ताच्या मानेवरची तलवार उतरायची तर लेखी पुरावा हवा, हे देवालाही कळत होते. आणि तुकोबारायांनी काय केले? दुष्काळानंतर सावकारीची खते इंद्रायणीत बुडवली. भावाच्या वाट्याची खते त्याला दिली, आपल्या वाट्याची बुडवली. पुढे त्याच इंद्रायणीत गाथा बुडवायची वेळ आली, तर ती वर आली. ज्या कागदांनी माणसे बांधली होती ते बुडाले. ज्यांनी सुटत होती ते तरले. कागद चांगला की वाईट, याची याहून सोपी कसोटी आम्हांला ठाऊक नाही. तो माणसाला सोडवतो की अडकवतो, एवढेच पाहावे.

आमच्याच जुन्या कुलाबा जिल्ह्यात, अलिबागेजवळच्या चरी गावी, १९३३ ते १९३९ अशी सहा वर्षे कुळांनी संप केला. नारायण नागू पाटील त्यांचे पुढारी. पिढ्यान् पिढ्या कसणाऱ्या कुळाचे दप्तरात नावच नसे; खोत म्हणेल तेव्हा त्याने जमीन सोडायची. पुढे कूळकायदे आले तेव्हा ज्याचे नाव कूळ म्हणून लागले होते त्याची जमीन राहिली, आणि ज्याचे नाव कोणी लिहिलेच नाही तो हात चोळीत बसला. म्हणून सांगतो, नाव लिहिले जाणे ही गरिबाची ढाल आहे. श्रीमंताला कागद नसला तरी चालते, त्याला सगळे ओळखतात. गरिबाला ओळखणारे कोणी नसते, म्हणून त्याला कागद लागतो. आणि म्हणूनच, ज्याच्यासाठी ढाल केली त्याच्याच डोक्यात ती घालणे हे मोठे पाप आहे.

त्या माउलींचे पुढे काय झाले, हे सांगायचे राहिले. एक नवा तरुण अधिकारी आला. त्याने फाईल उघडली, वाचली, मिटली. आणि टेबलावरून उठून बाहेर आला. "आजी, तुमच्या माहेरी तुम्हांला लहानपणापासून ओळखणारे कोणी आहे का?" असे त्याने विचारले. दोन वर्षांत हा प्रश्न कोणीही विचारला नव्हता. गृहचौकशी झाली, पंचांसमोर जबाब झाले. माहेरच्या दोन थकलेल्या बाया आल्या आणि म्हणाल्या, हीच ती, हिच्या लग्नात आम्ही नाचलो होतो. त्यांचे अंगठे घेतले, नोंद झाली. आता पाहा, इतक्या कागदांनी जे झाले नाही ते कशाने झाले? दोन म्हाताऱ्यांच्या शब्दाने. कोणताही कागद घ्या, त्याच्या तळाशी जाऊन खरवडा. तेथे कुणा माणसाचा शब्दच सापडेल. जन्माची नोंद म्हणजे कोणीतरी येऊन सांगितलेले असते की आमच्या घरी मूल झाले. सातबारा म्हणजे कोणीतरी बांधावर जाऊन पाहिलेले असते की हा माणूस हे शेत करतो. शब्द मूळ, कागद फांदी. फांदीने मुळाला पुरावा मागावा, अशी वेळ आली म्हणजे झाड वाळू लागले म्हणायचे.

आता जो बोध घ्यायचा तो तिघांनी घ्यायचा आहे.

पहिला खिडकीच्या आतला. आमचे कित्येक माळकरी बांधव कचेऱ्यांत, बँकांत, महानगरपालिकेत काम करतात. त्यांच्यावर कामाचा डोंगर आहे, वरून नियमांचा धाक आहे, चूक झाली तर त्यांचीच मान अडकते, हे आम्ही जाणतो. नियम मोडा असे आम्ही सांगत नाही. एवढेच सांगतो की कागदाकडे पाहण्याआधी एकदा मान वर करून माणसाकडे पाहा. पंढरीत क्षणभराच्या मुखदर्शनासाठी तुम्ही तासन् तास रांगेत उभे राहता ना? तुमच्या खिडकीपुढची रांगही दर्शनाचीच आहे. फक्त तेथे उभे कोण आणि बसलेले कोण, एवढीच अदलाबदल झाली आहे. "उद्या या" म्हणण्याऐवजी "काय काय कागद लागतील" हे एकाच वेळी पूर्ण लिहून द्या. एका म्हाताऱ्याचा एक हेलपाटा वाचला, तर ती एक वारी तुमच्या खात्यावर जमा झाली, असे खुशाल समजा.

दुसरा खिडकीबाहेरचा. त्याने रागावू नये आणि खचूही नये. आपली नावे सर्व कागदांवर एकसारखी आहेत की नाहीत हे काम पडण्याआधी पाहावे. सातबाऱ्यावर लिहिण्यातली चूक असेल तर ती दुरुस्त करण्याची तरतूद महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६ च्या कलम १५५ मध्ये आहे. २०१५ पासून लोकसेवा हक्काचा कायदा आहे. त्यात ठरलेल्या सेवांना मुदत आहे आणि मुदतीत काम न झाल्यास अपील आहे. अर्ज दिला की पोच घ्यावी. दामाजीपंतांसाठी देवाने पावती घेतली, आपण का लाजावे? हयातीच्या दाखल्यासाठी अंगठा उमटत नसेल तर चेहऱ्यावरून ओळख पटवण्याचीही सोय आता आहे, ती विचारून घ्यावी. आणि हे सर्व करताना मनात पक्के ठेवावे की मी कागदासाठी नाही, कागद माझ्यासाठी आहे. एक कागद म्हणाला "तू नाहीस", म्हणून काही तुम्ही नाहीसे होत नाही. अहो, आपल्या देवाला किती नावे आहेत! कोणी विठोबा म्हणतो, कोणी पांडुरंग, कोणी पंढरीनाथ, कोणी नुसते विठू. तो काय प्रत्येक नावाला वेगळा आहे? त्याच्याकडे कोणी दोन्ही नावे एकाच व्यक्तीची असल्याचे प्रतिज्ञापत्र मागितले आहे काय?

तिसरा म्हणजे ज्याला लिहिता-वाचता येते तो. आमची सर्वांत मोठी विनवणी त्यालाच आहे. एकादशीला भजन झाल्यावर तासभर देवळाच्या ओसरीवर बसा. ज्याचा अर्ज भरायचा असेल त्याचा भरा, कोणाला यंत्रावरचे वाचता येत नसेल त्याला वाचून दाखवा, एकट्या म्हातारीबरोबर कचेरीत जा. पनवेलसारख्या ठिकाणी, जेथे दहा-पंधरा वर्षांत गावांची शहरे झाली आणि शेजाऱ्याला शेजारी ओळखेनासा झाला, तेथे "होय, मी हिला ओळखतो" असे म्हणणारा माणूस असणे हीच मोठी सेवा आहे. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावापुढे आईचे नाव लावण्याचा नियम महाराष्ट्रात झाला. चांगले झाले. पण ज्या आयांची स्वतःचीच नावे कागदांत विखुरलेली आहेत, त्यांची नावे आज गोळा करून देणे, हे त्यांच्या लेकरांचे काम आहे.

वारीत नाव विचारत नाहीत, सर्वांना 'माउली' म्हणतात, हे खरे. पण वारीतही दिंड्यांना क्रमांक असतात. कोणती रथापुढे, कोणती रथामागे, हे ठरलेले असते. म्हणून क्रमांक वाईट नाही. वारीतला क्रमांक माणसाला चालायला जागा देतो. तो "तू कोण" असे दरडावीत नाही, "तुझी जागा ही, ये" असे म्हणतो. कचेरीच्या क्रमांकानेही एवढे केले तर आमचे काही मागणे उरणार नाही.

शेवटी नेवाशाची कथा आठवा. पैठणचे पत्र घेऊन भावंडे नेवाशास आली, तेव्हा तेथे एका माणसाचे प्रेत स्मशानात आणले होते. ज्ञानदेवांनी त्याचे नाव विचारले. सच्चिदानंद, असे सांगितले. सत्, चित् आणि आनंद ज्याच्या नावात आहे त्याला मरण कसे, असे म्हणून माउलींनी त्याला उठविले, अशी परंपरा आहे. आणि तो उठलेला माणूस पुढे काय झाला? लेखक झाला. ज्ञानेश्वरी त्याच्या हाताने लिहिली गेली. ज्याला सर्वांनी मेलेला धरले होते, त्याच्याच हाती लेखणी दिली गेली! लेखणी धरणाऱ्या प्रत्येकाने हे ध्यानात ठेवावे. ज्या लेखणीने जिवंत माणूस मेला असे लिहिता येते, त्याच लेखणीने मेल्यासारखा झालेला माणूस पुन्हा उठवताही येतो. कोणते लिहायचे, हे लिहिणाऱ्याने ठरवायचे.

रामकृष्ण हरी.